अँतोनियो मोरेनो : मूकपटाचा नायक आणि बोलपटातील भाषेचा प्रश्न

१

चित्रपटाच्या इतिहासात मूकपटाकडून बोलपटाकडे झालेले स्थित्यंतर बहुधा तंत्राचे स्थित्यंतर म्हणून मांडले जाते. ध्वनिमुद्रणाची यंत्रे, चित्रपटगृहांतील नवी सामग्री, ध्वनीच्या बंधनामुळे मंदावलेली कॅमेऱ्याची हालचाल यांची चर्चा त्यात विस्ताराने येते. परंतु हे स्थित्यंतर तितकेच भाषेचेही होते. जी कला तोपर्यंत कोणत्याही एका भाषेशी बांधलेली नव्हती, तिला एकाएकी भाषा प्राप्त झाली आणि भाषेबरोबर उच्चार, प्रदेश, वर्ग व राष्ट्र यांच्या खुणाही तिच्यात आल्या. या बदलाचा एखाद्या नटाच्या आयुष्यावर कसा परिणाम होतो, हे ज्याच्या चरित्रातून विशेष स्पष्टपणे पाहता येते, असा एक कलावंत म्हणजे स्पेनमध्ये जन्मलेला व अमेरिकेत नावारूपाला आलेला अँतोनियो मोरेनो (१८८७–१९६७).

मोरेनोच्या कारकिर्दीविषयी रूढ असलेले मत थोडक्यात असे : १९२० च्या दशकात तो हॉलिवूडच्या अग्रगण्य नायकांपैकी एक होता; बोलपट आला, त्याचे परकी उच्चार आड आले आणि त्याचा ऱ्हास झाला. हे मत सर्वस्वी चुकीचे नाही, पण ते केवळ इंग्रजी चित्रपटांच्या आधारे बनलेले आहे. त्याच्या स्पॅनिश भाषेतील कार्याचा विचार केला तर त्याच काळाचे चित्र निराळे दिसू लागते. प्रस्तुत लेखात त्याच्या जीवनपटाचा आढावा घेत हे दुसरे चित्र पुढे ठेवण्याचा प्रयत्न केला आहे. भाषा बदलली की कलावंताचे मोलही कसे बदलते, हा प्रश्न साहित्याच्या अभ्यासकालाही परका नाही.

२

मोरेनोचा जन्म २६ सप्टेंबर १८८७ रोजी माद्रिद येथे झाला. त्याचे मूळ नाव अँतोनियो गारीदो मोन्तेआगुदो. पुढे ज्या नावाने तो जगाला परिचित झाला, ते मोरेनो हे स्पेनमध्ये सर्रास आढळणारे आडनाव असून त्याचा शब्दशः अर्थ गडद वर्णाचा असा होतो. बालपणीचा काही काळ त्याने दक्षिणेत, जिब्राल्टरनजीकच्या प्रदेशात काढला. घरची परिस्थिती बेताची होती. वयाच्या चौदाव्या-पंधराव्या वर्षी स्पेनच्या प्रवासावर आलेल्या सधन गृहस्थांच्या आश्रयाने तो अमेरिकेस गेला आणि मॅसॅच्युसेट्स राज्यातील नॉर्दॅम्प्टन या गावी राहू लागला. जवळच्याच विलिस्टन सेमिनरी या शाळेत त्याचे काही शिक्षण झाले.

या स्थलांतराचा काळ लक्षात घेण्यासारखा आहे. १८९८ च्या युद्धात अमेरिकेने स्पेनचा पराभव केला होता आणि क्यूबा, पोर्तो रिको व फिलिपीन्स हे प्रदेश स्पेनच्या हातून गेले होते. त्यानंतर अवघ्या काही वर्षांनी एक स्पॅनिश मुलगा त्या विजयी राष्ट्रात येऊन इंग्रजी शिकू लागला. घरातली भाषा एक आणि उपजीविकेची भाषा दुसरी, हे द्वैत त्याच्या आयुष्यात येथूनच सुरू झाले व अखेरपर्यंत टिकले.

नाटकाच्या ओढीने तो रंगभूमीकडे वळला आणि फिरत्या नाटकमंडळ्यांतून किरकोळ भूमिका करू लागला. रंगभूमीवर मात्र शब्दाचे राज्य होते. इंग्रजी नाटकात परकी वळणाचे इंग्रजी बोलणाऱ्या तरुणाला नायकाची भूमिका मिळणे दुरापास्तच होते. अशा वेळी शब्दावाचून चालणारी एक नवी कला उदयाला आली होती. १९१२ साली मोरेनो चित्रपटात आला, त्यामागची ही पार्श्वभूमी ध्यानात घेतली पाहिजे.

३

आरंभीच त्याला बायोग्राफ कंपनीत डी. डब्ल्यू. ग्रिफिथच्या हाताखाली काम करण्याची संधी मिळाली. ग्रिफिथच्या कलावंतसमूहात त्या वेळी मेरी पिकफर्ड, लिलियन गिश, लायोनेल बॅरिमोर अशी पुढे विख्यात झालेली मंडळी होती. ‘द मस्केटिअर्स ऑफ पिग ॲली’ (१९१२) या न्यूयॉर्कच्या गुन्हेगारी वस्तीवरील गाजलेल्या लघुपटात मोरेनो एका लहानशा भूमिकेत दिसतो. ग्रिफिथच्या या पाठशाळेत नटांना संयमाचे शिक्षण मिळत असे. कॅमेरा जवळ आला की रंगभूमीवरील मोठे हातवारे निरुपयोगी ठरतात आणि डोळ्यांच्या हालचालीला महत्त्व येते, हा धडा मोरेनोच्या पुढील अभिनयात टिकून राहिलेला दिसतो.

१९१४ मध्ये तो व्हिटाग्राफ या कंपनीत गेला आणि तेथे नायक म्हणून स्थिरावला. एडिथ स्टोरी, नॉर्मा टॅलमेज यांसारख्या अभिनेत्रींसमवेत त्याने काम केले. १९१८ साली पॅथे कंपनीच्या ‘द नौलाखा’ या मूकपटात त्याने नायकाची भूमिका केली. जॉर्ज फिट्समॉरिस या दिग्दर्शकाचा हा मूकपट मुंबईत जन्मलेल्या रुडयार्ड किपलिंगने वोल्कॉट बॅलेस्टिअर याच्या सहकार्याने लिहिलेल्या कादंबरीवर आधारलेला होता. राजपुतान्यातील एका कल्पित संस्थानात मौल्यवान हाराच्या शोधात आलेला निकोलस टार्विन हा अमेरिकन तरुण तिचा नायक. याच चित्रपटात स्वीडनमध्ये जन्मलेला वॉर्नर ओलंड हाही होता. म्हणजे हिंदुस्थानात घडणारी कथा, अमेरिकेत झालेले चित्रीकरण आणि अमेरिकन नायकाच्या भूमिकेत स्पॅनिश नट, असा हा योग होता. त्या काळच्या प्रेक्षकाला यात काहीही विसंगत वाटले नाही. पडद्यावरची माणसे ओठ हालवीत. त्यांचे बोलणे मधल्या पाट्यांवर वाचावयाचे असे आणि या पाट्या देशोदेशी बदलून त्या त्या भाषेत लावता येत. नटाचे उच्चार कोणाच्याही कानावर पडत नसत.

याच सुमारास मोरेनो मालिकापटांकडे वळला. दर आठवड्यास एक भाग दाखवावयाचा आणि प्रत्येक भाग नायक-नायिका संकटात सापडली असतानाच संपवावयाचा, असे या प्रकाराचे स्वरूप होते. पर्ल व्हाइटसमवेतचा ‘द हाउस ऑफ हेट’ (१९१८), तसेच व्हिटाग्राफचे ‘द आयर्न टेस्ट’ (१९१८), ‘द पेरिल्स ऑफ थंडर माउंटन’ (१९१९), ‘द इन्व्हिजिबल हॅंड’ (१९२०) आणि ‘द व्हेल्ड मिस्टरी’ (१९२०) हे त्याचे मालिकापट होत. असे मालिकापट मुंबईच्या प्रेक्षकांतही अतिशय लोकप्रिय होते आणि पर्ल व्हाइटचे नाव येथील चित्रपटशौकिनांच्या चांगल्या परिचयाचे होते. समीक्षकांनी या प्रकाराला फारशी प्रतिष्ठा दिली नाही, परंतु मोरेनोची ख्याती अमेरिकेबाहेर पसरविण्यात त्याचा वाटा मोठा होता.

४

१९२१ मध्ये रेक्स इंग्राम याच्या ‘द फोर हॉर्समेन ऑफ द अपॉकॅलिप्स’ या चित्रपटाने रुडॉल्फ व्हॅलेंटिनो एकदम प्रकाशात आला आणि ‘लॅटिन लव्हर’ नावाचा साचा हॉलिवूडमध्ये तयार झाला. भूमध्य सागराच्या काठचा, सावळा, उत्कट आणि काहीसा धोकादायक प्रियकर, असे त्याचे रूप होते. मोरेनोची गणना नेहमी या साच्यात केली जाते. कालानुक्रम पाहता हे वर्गीकरण तपासून घेणे आवश्यक आहे. व्हॅलेंटिनोचा उदय होण्यापूर्वी नऊ वर्षे मोरेनो चित्रपटात आलेला होता आणि त्या काळात त्याने अमेरिकन, इंग्रज व इतर नाना प्रकारचे नायक रंगविले होते. साचा नंतर आला. मोरेनोला मागाहून त्यात बसविण्यात आले.

हा साचा किती कृत्रिम होता, याचे उत्तम उदाहरण रिकार्दो कॉर्टेझचे आहे. त्याचे मूळ नाव जेकब क्रांट्झ. न्यूयॉर्कमध्ये वाढलेल्या या ज्यू तरुणाला स्टुडिओने स्पॅनिश नाव देऊन लॅटिन नायक म्हणून उभे केले. म्हणजे ज्या बाजारात खऱ्या स्पॅनिश माणसाला अमेरिकन नायक म्हणून स्थान होते, त्याच बाजारात अमेरिकन माणूस स्पॅनिश म्हणून विकला जात होता. मूकपटात हे शक्य होते, कारण तेथे राष्ट्रीयत्व हे वेषभूषा, केशरचना आणि प्रसिद्धिपत्रक यांवरून ठरत असे.

या दशकात मोरेनोची कीर्ती शिखरावर होती. ग्लोरिया स्वॉन्सनसमवेत ‘माय अमेरिकन वाइफ’ (१९२२), मेरी माइल्स मिंटरसमवेत ‘द ट्रेल ऑफ द लोन्सम पाइन’ (१९२३) आणि पोला नेग्रीसमवेत ‘द स्पॅनिश डान्सर’ (१९२३) हे त्याचे चित्रपट पॅरामाउंटने प्रदर्शित केले. १९२३ सालीच तेलाच्या व्यवसायातील धनाढ्य घराण्यातील डेझी कॅनफिल्ड डॅन्झिगर हिच्याशी त्याचा विवाह झाला. लॉस एंजेलिसच्या सिल्व्हर लेक भागातील टेकडीवर त्यांनी बांधलेला प्रासाद हे त्या काळच्या चित्रपटसृष्टीच्या वैभवाचे एक प्रतीक मानले जाई. हा संसार पुढे टिकला नाही. दोघे विभक्त झाली आणि १९३३ मध्ये मोटार अपघातात डेझीचा मृत्यू झाला.

मोरेनोच्या मूकपटांतील सर्वांत महत्त्वाचा चित्रपट म्हणजे रेक्स इंग्रामचा ‘मारे नोस्त्रुम’ (१९२६). व्हॅलेन्सियाचा कादंबरीकार व्हिसेंते ब्लास्को इबान्येझ याच्या कादंबरीवर तो आधारलेला असून त्याचे चित्रीकरण भूमध्य सागराच्या परिसरात झाले. पहिल्या महायुद्धाच्या काळात उलिसेस फेरागुत हा स्पॅनिश कप्तान फ्राया नावाच्या जर्मन हेर स्त्रीच्या प्रेमात पडतो आणि तिच्याखातर शत्रूच्या पाणबुड्यांना इंधन पुरविण्यास साहाय्य करतो. अशाच एका पाणबुडीमुळे त्याचा स्वतःचा मुलगा मरण पावतो. पश्चात्तापाने पोळलेला कप्तान शेवटी शत्रूची पाणबुडी बुडविताना आपलाही प्राण देतो. ॲलिस टेरीने फ्रायाची भूमिका केली होती. ही कथा प्रियकराची असली तरी तिचा गाभा पित्याच्या अपराधाचा आहे. मोरेनोने तो गाभा ओळखला. चाळिशीच्या उंबरठ्यावर असलेल्या या नटाने कप्तानाचे मोहवश होणे जितक्या सहजतेने दाखविले, तितक्याच सहजतेने त्याचे आतून कोसळणेही दाखविले. व्हॅलेंटिनोच्या साच्यात या वयाला आणि या दुःखाला जागा नव्हती.

त्याच वर्षी ग्रेटा गार्बोसमवेतचा ‘द टेम्प्ट्रेस’ प्रदर्शित झाला. हीदेखील ब्लास्को इबान्येझचीच कथा होती. मॉरिट्झ स्टिलर याने दिग्दर्शनास आरंभ केला, परंतु स्टुडिओने त्याला दूर करून फ्रेड निब्लो याची नेमणूक केली. मोरेनोने यात अर्जेंटिनामध्ये धरण बांधणाऱ्या अभियंत्याची भूमिका केली. १९२७ मध्ये क्लारा बोच्या ‘इट’ या अतिशय गाजलेल्या चित्रपटात तो अमेरिकेतील एका मोठ्या दुकानाचा मालक सायरस वॉल्थॅम झाला. नाव इंग्रजी, व्यवसाय अमेरिकन आणि नट माद्रिदचा! या पात्राचा परकेपणा कोठेही जाणवत नाही. नंतरच्या काळात मोरेनोला अशी भूमिका मिळणे जवळजवळ अशक्य झाले. ‘इट’ प्रदर्शित झाला त्याच वर्षाच्या अखेरीस ‘द जॅझ सिंगर’ पडद्यावर आला.

५

बोलपटाने मोरेनोची भाषा ऐकू येऊ लागली. ज्या नायकाला सायरस वॉल्थॅम होता येत होते, त्याला आता ‘रोमान्स ऑफ द रिओ ग्रांद’ (१९२९) सारख्या मेक्सिकोच्या सीमेवरील कथांतच स्थान मिळू लागले. त्याचे इंग्रजी दुर्बोध नव्हते, परंतु त्या इंग्रजीवरून त्याचा जन्मप्रांत ओळखू येत होता आणि स्टुडिओच्या दृष्टीने तेवढे पुरेसे होते. रूढ चरित्रकथा येथेच संपते.

वस्तुतः याच क्षणी त्याच्या कारकिर्दीचा दुसरा प्रवाह सुरू झाला. इंग्रजी बोलपट स्पॅनिश भाषक देशांत चालेनासे होतील, या भीतीने हॉलिवूडच्या कंपन्यांनी एकाच कथेच्या निरनिराळ्या भाषांतील आवृत्त्या काढण्यास प्रारंभ केला. दिवसा इंग्रजी चित्रपटाचे चित्रीकरण व्हावे आणि रात्री त्याच नेपथ्यावर दुसऱ्या नटसंचाने स्पॅनिश आवृत्ती चित्रित करावी, अशीही व्यवस्था काही ठिकाणी होती. मोरेनो या आवृत्त्यांचा प्रमुख नायक ठरला. ‘एल कुएर्पो देल देलितो’, ‘एल ओम्ब्रे मालो’, ‘लोस के दान्सान’ आणि लुपिता तोव्हारसमवेतचा ‘ला व्होलुन्ताद देल मुएर्तो’ हे चारही चित्रपट १९३० सालचे आहेत.

या चित्रपटांमुळे एक वाद उद्भवला. तो उच्चारांचे युद्ध या नावाने ओळखला जातो. पडद्यावरची स्पॅनिश कोणती असावी? कास्तिलमध्ये काही अक्षरांचा उच्चार इंग्रजी ‘थिंक’ या शब्दाच्या आरंभीच्या ध्वनीसारखा होतो; लॅटिन अमेरिकेत तेथे ‘स’ उच्चारला जातो. एकाच चित्रपटात माद्रिद, मेक्सिको, क्यूबा व अर्जेंटिना येथील नट एका कुटुंबातील माणसे म्हणून वावरत आणि प्रत्येकाचे बोलणे वेगळे. माद्रिदच्या वृत्तपत्रांना अमेरिकी उच्चार खटकत, तर मेक्सिकोतील प्रेक्षकांना कास्तिलचे उच्चार परके वाटत. प्रमाण भाषा आणि बोली यांचा हा जुनाच झगडा होता. चित्रपटाने त्याला नवे रणांगण मिळवून दिले एवढेच.

या वादाला एक समर्पक उत्तर मेक्सिकोने दिले : आपला बोलपट आपणच काढावा. १९३१ च्या अखेरीस ‘सांता’ या चित्रपटाचे चित्रीकरण सुरू झाले आणि दिग्दर्शनासाठी मोरेनोला पाचारण करण्यात आले. फेदेरिको गाम्बोआ याच्या १९०३ सालच्या कादंबरीची ही कथा. चिमालिस्ताक येथील एका भाबड्या मुलीला एक सैनिक फसवितो. घरच्यांनी हाकलून दिल्यावर ती राजधानीतील वेश्यागृहात येऊन पडते. तेथील आंधळा पियानोवादक इपोलितो तिच्यावर निरपेक्ष प्रेम करतो. शेवटी व्याधिग्रस्त होऊन ती मरण पावते. तिच्या नावाचा अर्थ पवित्र स्त्री असा आहे. लुपिता तोव्हार ही नायिका झाली, कार्लोस ओरेयाना याने इपोलितो उभा केला, संगीत अगुस्तिन लारा याचे होते आणि छायाचित्रण ॲलेक्स फिलिप्स याचे. रोबेर्तो व होसेलितो या रॉद्रिगेस बंधूंनी तयार केलेल्या यंत्रणेमुळे ध्वनी फिल्मच्या पट्टीवरच मुद्रित करता आला. त्याआधी मेक्सिकोत ध्वनीचे काही प्रयोग झाले होते. तथापि त्या देशाच्या बोलपट उद्योगाचा खरा पाया ‘सांता’ने घातला. ३० मार्च १९३२ रोजी मेक्सिको शहरात तो प्रदर्शित झाला. त्याच वर्षी मोरेनोने ‘आगिलास फ्रेंते अल सोल’ हा दुसरा चित्रपटही तेथे दिग्दर्शित केला.

‘सांता’मधील संवाद संथ आहेत, कॅमेरा बराचसा स्थिर आहे आणि मूकपटातील भावनाप्रदर्शनाची लकब काही ठिकाणी तशीच राहिली आहे. तरीही तो आजही लक्ष वेधून घेतो, तो त्यातील मौनाच्या जागांमुळे. आंधळ्या इपोलितोचे प्रेम बोलण्यातून जितके कळते, त्याहून अधिक ते त्याच्या ऐकण्यातून कळते. ग्रिफिथच्या हाताखाली तयार झालेला दिग्दर्शक ध्वनी हाती येताच चेहऱ्याला विसरला नाही, हे त्यावरून दिसते.

मराठी वाचकाला येथे एक समांतर घटना आठवल्यावाचून राहणार नाही. ‘सांता’ ज्या वर्षी प्रदर्शित झाला, त्याच १९३२ मध्ये प्रभात कंपनीचा ‘अयोध्येचा राजा’ हा व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शित केलेला मराठी बोलपट पडद्यावर आला. त्याचीही हिंदी आवृत्ती काढण्यात आली होती. मात्र गोविंदराव टेंबे आणि दुर्गाबाई खोटे यांनी दोन्ही भाषांत स्वतःच भूमिका केल्या. हॉलिवूडने भाषेनुसार नटसंच बहुधा बदलला, तर प्रभातने तोच नटसंच दोन भाषांत उभा केला. दोन्ही ठिकाणी प्रश्न एकच होता : बोलू लागलेल्या चित्रपटाने कोणाच्या भाषेत बोलावे?

६

१९३६ मध्ये मोरेनोने बार्सेलोना येथे फ्रान्सिस्को एलियास याच्या ‘मारिया दे ला ओ’ या चित्रपटात काम केले. विख्यात नर्तकी कार्मेन आमाया ही त्याची नायिका असून मोरेनोची भूमिका तिच्या पित्याची होती. जन्मभूमीच्या चित्रपटसृष्टीत प्रतिष्ठेने परतण्याची ही संधी होती. परंतु त्याच वर्षीच्या जुलैमध्ये स्पेनमध्ये यादवी युद्धाचा भडका उडाला आणि युद्ध संपल्यानंतर १९३९ मध्येच हा चित्रपट प्रेक्षकांपर्यंत पोहोचला. तोवर स्पेन बदलला होता. मोरेनो पुन्हा अमेरिकेत चरित्र-अभिनेता म्हणून काम करू लागला.

त्यानंतरच्या दोन दशकांत त्याच्या वाट्याला दुय्यम भूमिका आल्या. आल्फ्रेड हिचकॉकच्या ‘नटोरियस’ (१९४६) मध्ये तो ओझरता दिसतो. ‘कॅप्टन फ्रॉम कास्तिल’ (१९४७) मध्ये तो टायरोन पॉवरने रंगविलेल्या नायकाचा पिता झाला. ‘क्रीचर फ्रॉम द ब्लॅक लगून’ (१९५४) मध्ये ॲमेझॉनच्या खोऱ्यात अश्मीभूत पंजा शोधून काढणारा संशोधक कार्ल माइया त्याने उभा केला. नव्या पिढीच्या प्रेक्षकांनी त्याला पाहिले ते बहुधा याच चित्रपटात. जॉन फोर्डच्या ‘द सर्चर्स’ (१९५६) मध्ये तो एमिलियो फेर्नांदेस नावाच्या व्यापाऱ्याच्या भूमिकेत दिसतो. हा व्यापारी नायकाला तो शोधीत असलेल्या टोळीप्रमुखापर्यंत नेतो; परंतु पुढे रक्तपात अटळ आहे हे लक्षात येताच मिळालेले पैसे परत करून निघून जातो. प्रसंग अगदी छोटा आहे. तरीही त्यातून स्पॅनिश भाषक माणूस हास्यास्पद किंवा लबाड म्हणून समोर येत नाही. तो आपली नीती सांभाळणारा माणूस म्हणून येतो, आणि याचे श्रेय बऱ्याच अंशी मोरेनोच्या संयत अभिनयाकडे जाते. १९५० च्या दशकाच्या अखेरीस तो निवृत्त झाला आणि १५ फेब्रुवारी १९६७ रोजी बेव्हर्ली हिल्स येथे मरण पावला.

७

मोरेनोच्या चरित्राकडे ऱ्हासाची कथा म्हणून पाहावयाचे की नाही, हे आपण कोणत्या भाषेतील चित्रपटांचा हिशेब मांडतो यावर अवलंबून आहे. इंग्रजी चित्रपटांपुरते पाहिले तर १९२७ मधील सायरस वॉल्थॅमपासून १९५६ मधील एमिलियोपर्यंतची वाट उताराचीच आहे. स्पॅनिश चित्रपटांचा विचार केला, तर त्याच बोलपटाने त्याला नटाच्या पायरीवरून दिग्दर्शकाच्या स्थानावर नेले आणि एका राष्ट्राच्या चित्रपटाला वाचा देण्याचे कार्य त्याच्या हातून घडविले. ज्या ध्वनीने त्याचे नायकपद काढून घेतले, त्याच ध्वनीने हे दुसरे स्थान त्याला दिले.

दोन भाषांत वावरणाऱ्या कलावंताचे चरित्र एकाच भाषेच्या साधनांवरून लिहिले की त्याचे निम्मे आयुष्य इतिहासातून गळून पडते. मोरेनोच्या बाबतीत नेमके हेच झाले. हॉलिवूडच्या इतिहासांत तो व्हॅलेंटिनोचा एक प्रतिस्पर्धी म्हणून उरला, मेक्सिकोच्या इतिहासात ‘सांता’चा दिग्दर्शक म्हणून, आणि हे दोघे एकच आहेत याचे भान दोन्हीकडे क्वचितच राखले गेले. मराठी आणि हिंदी, मराठी आणि कन्नड, मराठी आणि कोकणी अशा दुहेरी वाटांनी गेलेल्या आपल्याकडील नाटक-चित्रपटांतील कलावंतांच्या चरित्रांचा अभ्यास करतानाही हे ध्यानात ठेवणे अगत्याचे आहे.